परमिट रूमचं लायसन्स काढायचंय? आधी जागा मोजा, मग डिपॉझिट द्या

मागच्या अंकात हॉटेल धंद्याला लागणाऱ्या परवान्यांबद्दल लिहिलं होतं, त्यात दारूच्या लायसन्सवर जेमतेम चार ओळी होत्या आणि नेमके त्यावरच सगळ्यात जास्त प्रश्न आले. म्हणून हा अख्खा कॉलम त्यालाच. सगळी उत्तरं महाराष्ट्रातल्या नियमांची आहेत, कारण दारू हा राज्याचा विषय आहे, गोव्यातल्या किंवा कर्नाटकातल्या मित्राने जे केलं ते इथे चालेलच असं नाही. नावं कुणाचीच छापलेली नाहीत.

प्रश्न : आमचं फॅमिली रेस्टॉरंट नगरपरिषद हद्दीत आहे, बरं चाललंय. शेजारचा गाळा भाड्याने मिळतोय, तिथे परमिट रूम करायची आहे. गाळामालक म्हणतो आधी डिपॉझिट द्या, एजंट म्हणतो तुम्ही इंटिरियर चालू करा, लायसन्स मी आणून देतो. सुरुवात कुठून करू?

दादा, इंटिरियरला अजिबात हात लावू नका आणि डिपॉझिटचा चेक पण थोडा थांबवा. या धंद्यात माणसं बुडतात ती दारू विकली नाही म्हणून क्वचितच, बुडतात ती लायसन्स येणारच असं धरून कर्ज काढून बसतात म्हणून. गाळ्याचं भाडं चालू, हप्ता चालू, एसी लागलेत, काउंटर तयार आणि फाइल अजून अर्धवट, अशी कुटुंबं मी पाहिलीयेत आणि त्यांच्याकडे बघवत नाही.

एक गोष्ट आधी डोक्यात पक्की बसवा. किराणा दुकान काढायचा जसा तुम्हाला हक्क आहे तसा दारू विकायचा हक्क नाही. सुप्रीम कोर्टाने १९९४ च्या खोडे डिस्टिलरीज विरुद्ध कर्नाटक सरकार या निकालात हे स्पष्ट सांगितलंय, हा धंदा हा मूलभूत हक्क नाही, सरकार तो पूर्ण बंद करू शकतं किंवा अटी घालून परवानगी देऊ शकतं. आपल्याकडचा मूळ कायदा तर दारूबंदीचाच आहे, १९४९ चा, म्हणजे आधी सगळ्याला बंदी आणि मग त्यातून लायसन्सपुरती सूट. त्यामुळे 'माझे सगळे कागद बरोबर आहेत म्हणजे लायसन्स मिळालंच' असं गणित इथे करायचं नाही. आणि कागद चुकीचे असतील तर विषयच संपला.

आता तुम्हाला नक्की काय पाहिजे ते ठरवा. बसून प्यायची सोय आणि त्यात व्हिस्की, रम सगळं पाहिजे असेल तर ते एफएल-३, त्यालाच लोक परमिट रूम म्हणतात. फक्त बिअर बार करायचा असेल तर फॉर्म ई. सीलबंद बिअर आणि वाइन विकायची असेल तर एफएल/बीआर-२, म्हणजे आपली बिअर शॉपी. आणि वाइन शॉप, म्हणजे एफएल-२, त्याच्या नवीन लायसन्सच्या मागे लागू नका, सामान्य अर्जदाराला ती १९७० च्या दशकापासून मिळत नाहीत, बाजारात फिरतात ती जुनीच, ट्रान्सफरने हात बदललेली. एफएल-३ वर सीलबंद बाटली पार्सल देता येत नाही हे पण लक्षात ठेवा. २०२० च्या लॉकडाऊनमध्ये बारवाल्यांना अडकलेला स्टॉक बाटलीने विकू दिला होता, ती तात्पुरती सवलत होती, पण अजून काही जणांना वाटतं की ते चालतं.

मग जागा. गाळ्याचा मंजूर नकाशा आणि भोगवटा प्रमाणपत्र मागा, मालकाकडे नसेल तर नगरपरिषदेतून मिळवा. नकाशावर तो गाळा व्यापारी वापराचा दाखवलाय का, की पार्किंग म्हणून दाखवलेली जागा भिंत घालून गाळा केलाय? मागे पत्र्याचं शेड वाढवलंय का? हे सगळं तपासणीत उघडं पडतं कारण उत्पादन शुल्क खात्याचा इन्स्पेक्टर नुसता येऊन चहा पिऊन जात नाही, तो जागेवर नकाशा धरून बघतो, दरवाजे किती, किचन कुठे, स्टोअर कुठे, गिऱ्हाईक बसणार कुठे, आणि लायसन्स मिळतं ते त्या नकाशात दाखवलेल्या तेवढ्याच जागेचं. उद्या तुम्ही गच्चीवर चार टेबलं टाकली आणि तिथे पेग दिला तर तो लायसन्सबाहेरचा भाग झाला, केस होते.

जागा ठीक असेल तर मगच करार, आणि तो रजिस्टर केलेलाच. महाराष्ट्रात भाड्याचा किंवा लिव्ह अँड लायसन्सचा करार लेखी आणि रजिस्टर असलाच पाहिजे, १९९९ च्या भाडे नियंत्रण कायद्याने. त्यात दोन वाक्यं घालून घ्या, एक, या जागेत मद्यविक्री करायला मालकाची हरकत नाही, आणि दोन, लायसन्स नामंजूर झालं तर डिपॉझिट ठरलेल्या मुदतीत परत आणि करार संपला. दुसऱ्या वाक्याला मालक कुरकुरेल. कुरकुरू दे, तेच वाक्य तुमचं घर वाचवणार आहे.

यानंतर राज्य उत्पादन शुल्क खात्याकडे ऑनलाइन अर्ज, सोबत जागेचे कागद, नकाशा, रेस्टॉरंटचं फूड लायसन्स, शॉप ॲक्ट, ओळखपत्रं, प्रतिज्ञापत्र वगैरे. मग निरीक्षकाची स्थळपाहणी, पंचनामा, आजूबाजूच्यांचे जबाब, पोलिसांकडून चारित्र्य पडताळणी, अधीक्षकांचा अहवाल आणि शेवटी आदेश जिल्हाधिकाऱ्यांचा. फी सरकारी चलनानेच भरायची आणि ती गावाच्या लोकसंख्येनुसार ठरते आणि बदलत राहते म्हणून इथे आकडा देत नाही, अधीक्षक कार्यालयात चालू वर्षाचा तक्ता मिळतो, तो बघा. एजंट ठेवायचा तर ठेवा, कागद लावायला मदत होते, पण 'आणून देतो' म्हणणाऱ्याला विचारा की बाबा आदेशावर सही कलेक्टरची असते, तू नक्की काय आणून देणार? अर्जाचा लॉगिन, पासवर्ड आणि मोबाइल नंबर स्वतःचाच ठेवा.

प्रश्न : आमच्या जागेपासून एक मंदिर जवळ आहे, पलीकडे एक बालवाडी आहे आणि वरच्या मजल्यावर अकरावी-बारावीचे क्लास चालतात. अंतराचा नियम नक्की काय आहे? गुगल मॅपवर मोजलं तर कमी भरतंय.

गुगल मॅपवरची सरळ रेघ इथे उपयोगाची नाही. शाळा-मंदिरापासून ७५ मीटरचा आकडा सगळ्यांना पाठ असतो पण कुठून कुठपर्यंत मोजायचे ते फार थोड्यांना माहीत असतं. अंतर मोजतात ते तुमच्या प्रवेशद्वाराच्या मधल्या बिंदूपासून, माणूस नेहमी ज्या जवळच्या वाटेने चालत जाईल त्या वाटेने, आणि समोरच्या संस्थेला कंपाउंड असेल तर तिच्या सगळ्यात जवळच्या गेटच्या मध्यापर्यंत, कंपाउंड नसेल तर इमारतीच्या जवळच्या दाराच्या मध्यापर्यंत. म्हणजे पक्षी उडतो तसं नाही, माणूस चालतो तसं. मध्ये रस्त्याला डिव्हायडर असेल आणि चौकातून वळसा घालूनच जाता येत असेल तर तो वळसा धरला जातो. पण डिव्हायडर तोडून लोक रोज तिथूनच जातात असा जबाब कुणी दिला की वाद सुरू. आणि लायसन्स मिळवायला मागच्या बोळात दार काढून तिथून अंतर दाखवायचं आणि नंतर पुढचं शटर उघडायचं, हे करू नका, तक्रार झाली की परत मोजतात.

आता तुमच्या तीन गोष्टी. क्लासेस मोजत नाहीत, खासगी कोचिंग नियमातल्या 'शैक्षणिक संस्थे'च्या व्याख्येत येत नाही. बालवाडी मात्र येऊ शकते, पूर्वप्राथमिक शाळासुद्धा व्याख्येत आहे, फक्त ती सरकारने किंवा स्थानिक संस्थेने चालवलेली किंवा मान्यता दिलेली पाहिजे, तर तिच्या मान्यतेचा कागद बघा. मंदिराचं असं आहे की ते सार्वजनिक न्यासाच्या मालकीचं किंवा ताब्यातलं असेल, म्हणजे धर्मादाय आयुक्तांकडे १९५० च्या कायद्याखाली नोंदलेला ट्रस्ट असेल, तर ते धार्मिक संस्था म्हणून धरतात. कोपऱ्यावरची घुमटी नोंदणीकृत नसेल तर कागदोपत्री आड येत नाही. धर्मादाय कार्यालयात चौकशी केली की नोंदणी आहे का ते कळतं, अर्ज करायच्या आधी करा.

पण कागदोपत्री आड येत नाही म्हणून तिथे बार काढावाच का, हा विचार तुम्हीच करा. रोज सकाळी जिथे म्हाताऱ्या बायका फुलं घेऊन जातात त्याच्या तोंडावर दार असेल तर हरकती येणार, आणि मला वाटतं त्या यायलाच पाहिजेत. अजून दोन गाळे पुढे जागा मिळत असेल तर ती घ्या.

प्रश्न : हायवेला लागून जागा आहे, माझीच आहे. २०१७ मध्ये बंद झालेले बार आता चालू दिसतात. मग मला मिळेल का?

जागा कुठल्या हद्दीत येते त्यावर सगळं आहे. १५ डिसेंबर २०१६ ला सुप्रीम कोर्टाने राष्ट्रीय आणि राज्य महामार्गापासून ५०० मीटरच्या आत दारूची दुकानं नकोत असा आदेश दिला, १ एप्रिल २०१७ पासून तो लागू झाला. त्याच्या आदल्याच दिवशी २०,००० पर्यंत लोकसंख्येच्या गावांसाठी ते अंतर २२० मीटर केलं. मग जुलै २०१७ मध्ये नगरपालिका-महापालिका हद्दीतल्या लायसन्सना हा आदेश आडवा येत नाही असा खुलासा झाला आणि २०१८ मध्ये ग्रामपंचायतीचा एखादा भाग पुरेसा विकसित आहे की नाही ते ठरवायचं राज्य सरकारांवर सोडलं. तुम्हाला चालू दिसतात ते यातूनच परत उघडलेत. तेव्हा आधी तुमचा गट नंबर कुठल्या हद्दीत येतो ते काढा. महामार्गाचा नियम सुटला तरी शाळा-मंदिराचा नियम आहेच, तो वेगळा.

प्रश्न : आमचा ढाबा आहे, आम्ही दारू विकत नाही. गिऱ्हाईक स्वतःची बाटली घेऊन येतं, आम्ही फक्त ग्लास आणि पाणी देतो. याला लायसन्स कशाला?

लागतं. विकलीच पाहिजे असं नाही, स्वतःच्या फायद्यासाठी जागा प्यायला वापरू दिली की ती 'कॉमन ड्रिंकिंग हाउस' धरली जाते, दारूबंदी कायद्याच्या कलम ६८ खाली मालकावर आणि कलम ८४ खाली तिथे बसून पिणाऱ्यावर गुन्हा. गिऱ्हाइकावर पण, हे बऱ्याच जणांना माहीतच नसतं, धाडीत बसलेली अख्खी टेबलं उचलून कोर्टात नेतात आणि दंड होतो. रोजचं नेहमीचं गिऱ्हाईक, त्याला नाही कसं म्हणायचं ही अडचण मला कळते. पण ग्लास देणं आजपासून बंद करा, बोर्ड लावा, आणि खरंच ते गिऱ्हाईक पाहिजे असेल तर लायसन्सला अर्ज करा. तसं मध्येच लटकत राहिलात तर एक धाड आणि तुमच्या नावावर केस, मग पुढे लायसन्स मागायला गेलात की तीच केस चारित्र्य पडताळणीत समोर येते.

प्रश्न : एका ओळखीच्या काकांचं एफएल-३ लायसन्स पडून आहे, वयामुळे त्यांना जमत नाही. ते म्हणतात तू चालव, मला महिन्याला ठरावीक रक्कम दे. स्टॅम्प पेपरवर करार करू. सुरक्षित आहे का?

नाही. तुमच्यासाठी पण नाही आणि काकांसाठी पण नाही. लायसन्स त्या माणसाच्या नावाने आणि त्या जागेसाठी दिलेलं असतं, ते खात्याच्या परवानगीशिवाय दुसऱ्याला चालवायला देता येत नाही. उद्या एखादा अल्पवयीन मुलगा तुमच्या टेबलावर पिताना सापडला तर नोटीस काकांना येते, आणि काकांच्या मुलांशी तुमचं बिनसलं तर तुम्ही लावलेले पैसे तुमचे आहेत हे दाखवायला तुमच्याकडे फक्त असा स्टॅम्प पेपर असतो ज्यात नियमभंगाची कबुली स्वतःच लिहिलेली आहे.

सरळ मार्ग आहे ना. खात्याकडे अर्ज करून काकांच्या लायसन्सवर भागीदार म्हणून तुमचं नाव घालून घ्या, किंवा ट्रान्सफर करून घ्या. त्याची फी लागते, वेळ लागतो, पण नाव अधिकृत चढतं. त्याआधी काकांचं लायसन्स दरवर्षी वेळेवर रिन्यू झालंय का, थकबाकी किंवा जुनी केस आहे का, आणि व्हॅटची काही देणी आहेत का, एवढं बघाच. लायसन्सचं वर्ष १ एप्रिल ते ३१ मार्च असतं, 'पडून आहे' म्हणजे फी भरून बंद ठेवलंय की फीच भरलेली नाही, यात फार फरक आहे.

प्रश्न : आमच्या सोसायटीच्या खालच्या गाळ्यात बिअर शॉपी येतेय असं ऐकलं. मी दोन मुलींची आई आहे. गाळा मालकीचा आहे म्हणून आम्ही काहीच करू शकत नाही का?

ताई, करू शकता. मार्च २०२५ मध्ये सरकारने विधानसभेत जाहीर केलंय की हाउसिंग सोसायटीच्या आवारातल्या गाळ्यात नवीन बिअर शॉपी किंवा दारूचं दुकान काढायचं तर सोसायटीची ना हरकत लागेल. त्यामुळे पहिलं काम, सोसायटीची सभा बोलवा, ठराव करा, इतिवृत्तात नीट लिहून घ्या आणि त्याची प्रत उत्पादन शुल्क अधीक्षक आणि जिल्हाधिकारी दोघांकडे पोच घेऊन द्या. तोंडी विरोधाला फाइलमध्ये जागा नसते. पाहणीला अधिकारी आले की जबाब घेतात, तेव्हा जबाब द्यायला पुढे या, सही करायला घाबरू नका. आणि व्हॉट्सॲपवर भांडण्यात जोर घालवू नका, कमिटीचे दोन सदस्य फुटले की तो ग्रुप काही कामाचा राहत नाही.

चालू असलेल्या दुकानासाठी पण मार्ग आहे, २००८ च्या आदेशाने गावातल्या किंवा वॉर्डातल्या २५ टक्के महिला मतदारांनी निवेदन दिलं की सह्या पडताळून गुप्त मतदान घेतात, उभी बाटली आडवी बाटली म्हणतात ते हेच. महाराष्ट्रात कितीतरी गावांतल्या बायकांनी असं मतदान करून दुकानं बंद केलीयेत. सह्या गोळा करताना मतदार यादीतला अनुक्रमांक प्रत्येकीपुढे लिहून घ्या, पडताळणीत नाव जुळलं नाही की सही बाद होते आणि टक्का थोडक्यात हुकतो.

आणि अर्जदार मंडळींनी पण हे उत्तर वाचा. वरच्या मजल्यावर राहणाऱ्या लोकांना आधी जाऊन भेटा, वेळ काय, आवाज किती, रात्री बाहेर उभं राहून प्यायला देणार नाही हे सांगा. नाही म्हणाले तर दुसरी जागा बघा.

प्रश्न : लायसन्स मंजूर झालं, पुढच्या महिन्यात ओपनिंग आहे. आता काय सांभाळायचं?

अभिनंदन. आता खरी रोजची कामं. वेटर, बारटेंडर, मॅनेजर जे कोणी दारूला हात लावणार त्या प्रत्येकाचा नोकरनामा, म्हणजे त्याला कामावर ठेवायची परवानगी, खात्याकडून काढून घ्या, २१ वर्षांखालचा पोरगा ठेवायचा नाही. गावाकडून भाचा आला आणि गर्दीत दोन टेबलांना देऊन आला, त्याच दिवशी तपासणी आली तर तो भाचा आहे हे कारण चालत नाही. माल फक्त लायसन्सधारक होलसेलरकडून, वाहतूक पास आणि बिल जपून, आणि रजिस्टर रोजच्या रोज. ब्रँडनुसार, मापानुसार, सकाळचा शिल्लक, आवक, विक्री, रात्रीचा शिल्लक. फुटलेली बाटली पण नोंदवायची. तपासणीत अधिकारी पहिल्यांदा काउंटरवरची उघडी बाटली उचलतो आणि रजिस्टरशी ताडून बघतो, पेग जुळला नाही की बाकीचं कितीही चकाचक असो.

वय. बिअर-वाइनला २१ आणि बाकी मद्याला २५, हा महाराष्ट्राचा नियम आहे आणि गिऱ्हाईक यावरून हुज्जत घालतं कारण शेजारच्या राज्यात वेगळा आहे. पुण्यात मे २०२४ मध्ये अल्पवयीन मुलाच्या गाडीखाली दोन तरुण जीव गेले, तो ज्या ठिकाणी प्यायला होता ती ठिकाणं सील झाली, मालक-मॅनेजरवर गुन्हे दाखल झाले. ओळखपत्र बघितल्याशिवाय ऑर्डर घ्यायची नाही हे दारावरच्या माणसाला लेखी द्या, आणि एखादं टेबल गेलं तर जाऊ दे म्हणा, त्याचा पगार कापू नका, नाहीतर तो बघणं बंद करेल. गिऱ्हाइकाकडे दारू प्यायचं सरकारी परमिट नसेल तर एक दिवसाचं परमिट फाडायचं, ती पुस्तिका संपू द्यायची नाही.

ड्राय डे कॅलेंडरवर लाल करून ठेवा. २६ जानेवारी, १५ ऑगस्ट, २ ऑक्टोबर तोंडपाठ असतात, चुकतात ते निवडणुकीचे. मतदान संपायच्या आधीचे ४८ तास दुकान बंद, लोकप्रतिनिधित्व कायद्यातच आहे ते, आणि ग्रामपंचायत, नगरपरिषद निवडणुकांना कलेक्टरचा वेगळा आदेश निघतो तो स्थानिक पेपरात बघत राहा.

आणखी एक, हे तुमच्या सीएला आजच विचारा. रेस्टॉरंट जीएसटीच्या कंपोझिशन स्कीममध्ये, म्हणजे छोट्या धंद्यांना ठरावीक दराने कर भरायची जी सोय असते त्यात, असेल तर दारू विकायला लागल्यापासून त्यात राहता येत नाही, कारण मद्य जीएसटीच्या बाहेर आहे आणि तसा माल विकणाऱ्याला कंपोझिशन मिळत नाही. मद्यावर व्हॅट, जेवणावर जीएसटी, दोन्हीची वेगळी नोंद, वेगळी बिलं. हे वर्षअखेरीस कळलं की मागचा सगळा फरक एकदम भरावा लागतो, आणि तो पहिल्या वर्षी, जेव्हा हातात पैसा नसतो तेव्हा.

प्रश्न : आमचा अर्ज नामंजूर झाला. ऑफिसमध्ये विचारलं तर परत अर्ज करा म्हणाले. करू का?

आधी लेखी आदेशाची प्रत घ्या आणि त्यातलं कारण वाचा. कारण दुरुस्त होण्यासारखं असेल, एखादा कागद, नकाशातली चूक, तर दुरुस्त करून नवीन अर्ज ठीक आहे. कारण तुम्हाला मान्यच नसेल, उदाहरणार्थ अंतर चुकीच्या गेटपासून मोजलंय, तर कलेक्टरच्या आदेशावर आयुक्तांकडे अपील करता येतं आणि त्यापुढे शासनाकडे. अपिलाला मुदत असते, आदेश हातात पडल्याची तारीख पाकिटासकट जपून ठेवा आणि त्याच आठवड्यात वकिलाला दाखवा. आणि कारण अंतर असेल आणि ते खरोखरच कमी भरत असेल, तर त्या जागेचं भाडं याच महिन्यात थांबवा.